वाटीभर तीट

आमच्या घरात ह्यांच्या अंगाची स्तुती करायला बंदी होती. मी लग्न होऊन कोल्हारला आले तेव्हा हे मला कुणी सांगितलं नव्हतं, म्हणून पहिल्याच आठवड्यात फसले. आम्ही बायका प्रवरेवर धुणं धूत होतो. शेजारच्या काकूंनी सहज विचारलं, "काय गं, नवरा पसंत पडला का?" मी नवी नवरी, लाजायचं सोडून फटकन बोलून गेले, "पडला की! दारातनं आत येताना आडवं व्हावं लागतं, येवढी छाती हाय." बायका खळखळून हसल्या. सासूबाई मात्र पिळे पिळता पिळता थांबल्या. हातातलं ओलं लुगडं त्यांनी दगडावर आपटलं आणि माझ्याकडे वळून म्हणाल्या, "थुक आधी."

मला कळेना.

"थुक म्हन्ते ना! आन् म्हन, लई वंगाळ हाय."

मी काठावर थुंकले, लई वंगाळ हाय असं म्हणाले, आणि मग कुठे धुणं पुढे चाललं.

मला राग आला होता, खोटं कशाला सांगू. नवरा माझा, छाती त्यांची, आणि थुंकायचं मी! संध्याकाळपर्यंत मी घुम्यासारखी वावरत होते. सासरे फार बोलत नसत. पण त्या दिवशी बैलांना कडबा टाकता टाकता त्यांनीच मला कारण सांगितलं. ह्यांच्या आधी दोन मुलगे झाले होते. दोघंही गोरेगोमटे, बाळसेदार, येईल जाईल त्यानं उचलून घ्यावं असे. दोघंही रांगायच्या आत गेले. म्हणून हे झाल्याबरोबर सासूबाईंनी त्यांना उकिरड्यावर लोळवलं, शेजारच्या तांबोळणीला सूपभर कोंड्याला विकलं आणि दुसऱ्या दिवशी तेवढाच कोंडा देऊन परत विकत आणलं. नाक टोचलं. नाव ठेवलं ते दगडधोंड्याचं. ते मी इथे लिहीत नाही. तेव्हा नवऱ्याचं नाव घ्यायची रीत नव्हती आणि आता सवय लागत नाही. देवाला वाटावं की हे टाकाऊ पोर आहे, न्यायच्या लायकीचं नाही, एवढीच त्या माउलीची खटपट. तेव्हापासून आपल्या मुलाला चांगलं म्हणणं त्यांनी कायमचं टाकलं होतं.

हे ऐकून माझा राग गेला, आणि एक जुनं कोडंही सुटलं. आमचे वडील नेवाशाहून स्थळ बघायला आले होते तेव्हा ह्याच सासूबाई त्यांना म्हणाल्या होत्या, "आमचं पोरगं काय, नुस्तं दिसायचं. वंगाळ हाय. खातं लई, कामाचं न्हाई." मुलाची आईच असं म्हणते म्हटल्यावर वडील चहाचा कप तसाच ठेवून उठले होते. वेशीपर्यंत आल्यावर त्यांना दिसलं की चिखलात रुतलेली उसाची गाडी एक जण खांदा लावून बाहेर काढतोय. त्यांनी विचारलं, हा कुणाचा? आणि उत्तर ऐकून तसेच माघारी फिरले. घरी येऊन आमच्या आईला म्हणाले, "पोरगा बैलाला भारी हाय. पन त्याची आई वेडी हाय का बेरकी, ते काय कळलं न्हाई."

हे सकाळी तालमीत जात, मग शेतात, आणि गाळप सुरू झालं की साखर कारखान्यावर. तिथे गव्हाणीपाशी कामाला होते. गव्हाण म्हणजे जिथे ऊस पडतो आणि पट्ट्यावरून आत गाळायला जातो ती जागा. दिवसभर मोळ्या उचलून ह्यांचे दंड असे झाले होते की सदऱ्याच्या बाह्या मला उसवून पुन्हा घालाव्या लागायच्या. जत्रेत कुस्त्या मारायचे, नारळ आणि फेटे घेऊन यायचे. सासूबाई एकाही कुस्तीला गेल्या नव्हत्या. त्या दिवशी त्या घरात भिंतीकडे तोंड करून बसत आणि ह्यांचा पायरव ऐकू आला की उठून चुलीला लागत. पुढ्यात मुलगा उभा राहिला तरी त्यांची नजर त्याच्या पायांवर. हे उघड्या अंगानं जेवायला बसले तर त्या पाठ करून भाकरी वाढायच्या.

दुष्काळ पडायच्या आदल्या हिवाळ्यातली ही गोष्ट. संक्रांत झाल्यावर कारखान्यावर दरवर्षी खेळांचा मेळावा भरायचा. कबड्डी, कुस्ती, रस्सीखेच, मोळी घेऊन पळायची शर्यत. त्या वर्षी दोन नव्या गोष्टी झाल्या. एक म्हणजे शरीरसौष्ठव स्पर्धा ठेवली. परदेशातल्या कुठल्याशा मोठ्या क्रीडामेळाव्यात असली स्पर्धा पाहून आलेले एक गृहस्थ पुण्याहून परीक्षक म्हणून येणार होते. दुसरी म्हणजे पुण्याच्या कॉलेजात शिकणारी इराणची आणि आफ्रिकेची सात-आठ पोरं पाहुणे खेळाडू म्हणून बोलावली होती. झालं! रंगाऱ्यानं कारखान्याच्या कमानीवर हातभर अक्षरांत 'आंतरराष्ट्रीय क्रीडामेळावा' असं लिहून टाकलं. ती अक्षरं बघायला लोक मुद्दाम सायकली काढून जायचे.

तालमीच्या वस्तादांना शरीरसौष्ठव हा प्रकार काही पटला नाही. "कुस्ती न खेळता बक्षीस? नुस्तं उभं ऱ्हायचं? आसं आसंल तर आमच्या दारच्या लिंबालाबी न्या की!" पण पोरांनी ह्यांचं नाव आधीच देऊन टाकलं होतं, आणि परदेशी पैलवानाच्या शेजारी आपला गडी उभा राहणार म्हटल्यावर वस्तादांचाही विरोध मावळला.

घरी मात्र आभाळ कोसळलं. सासूबाई म्हणाल्या, "आरं, कुस्तीत निम्मं डोळं दुसऱ्या गड्याकडं आसत्यात. हितं समदी दुनिया नुस्तं तुलाच बघनार. आन् तेबी उघडा! ह्या मेळाव्यातनं तू धड माघारी यायचा न्हाईस." त्यांनी परातीतलं पीठ तसंच सोडलं आणि परसात जाऊन बसल्या. त्या दिवशी भाकरी मी केल्या आणि त्या करपल्या.

दुसऱ्या दिवशी मी ह्यांची न्याहारी घेऊन शेतात गेले. हे पाटाच्या कडेला बसले होते, तोंड एवढंसं झालेलं. मी म्हणाले, "जाऊ द्या की. एका बक्षिसानं काय अडलंय?"

"बक्षीस कुनाला पायजे?" हे म्हणाले. "समदं गाव मला बघतं. वस्ताद बघत्यात. तूबी बघतीस, चोरून. आईनं मला मोठं झाल्यापून एकदाबी नीट बघितलं न्हाई. तिला वाटतं तिचीच दिष्ट लागंल. मला येवढंच पायजे, तिनं एकदा समोर बसावं, डोळं भरून बघावं, आन् चांगला दिसतोस म्हनावं. मग म्या मेलो तरी..."

"थुका आधी," मी म्हणाले.

हे दचकले आणि मग इतके हसले की पाटावरचे बगळे उडाले. पण हसून झाल्यावर त्यांचे डोळे ओले होते. एवढा दांडगा माणूस, आणि हवं काय, तर आईची एक नजर. मला तेव्हा त्यांचं जे काही वाटलं ते मी कुणालाच सांगितलं नव्हतं. त्याच दिवशी मी ठरवलं की सासूबाईंना त्या मांडवात नेऊन बसवायचंच.

आता सासूबाईंशी सरळ बोलून उपयोग नव्हता. मी त्यांच्याच वाटेनं गेले. शेंगा फोडत बसलो होतो तेव्हा मी हळूच म्हणाले, "आत्याबाई, एक इचारू? दिष्ट लागल्यावर किती येळात काढावी लागती?"

"लागल्या लागल्या. जेवढा उशीर तेवढी मुरती."

"मग कारखाना तर दोन कोसावर. तिथं दिष्ट लागली आन् हे घरी येईपतूर मुरली म्हंजी?"

त्यांचा शेंगा फोडणारा हात थांबला. मी पुढच्या शेंगा फोडत राहिले. थोड्या वेळानं त्या म्हणाल्या, "म्या येनार." मग लगेच, "पन बघनार न्हाई म्या. पदर घेऊन बसंन. आन् तीट लावल्याबिगर त्याला वर चढू देनार न्हाई." मी होय होय म्हणाले आणि आतल्या आत उड्या मारल्या.

पुढचे दिवस माझ्या आयुष्यातले फार मजेचे दिवस. स्पर्धेत नुसतं उभं राहायचं नसतं, वेगवेगळ्या ढबी घ्यायच्या असतात, हे कळल्यावर कारखान्यातल्या एका क्लार्कनं जुन्या मासिकातलं एक पान आणून दिलं. त्यात एक गोरा पैलवान कधी दंड फुगवून, कधी पाठ फिरवून उभा होता. घरात सराव करायची सोय नव्हती, म्हणून हे उसाच्या फडात सराव करायचे आणि मी माझ्या रुखवतातला हातभर आरसा धरून उभी राहायचे, पुढून, मग मागून. "पाठीचं दिसतंय का? दोन पाकळ्या पडल्यात का?" असं हे विचारायचे, आणि मी अगदी परीक्षकाच्या थाटात "डाव्या अंगाला कमी हाय" म्हणायचे. त्या काळी दिवसाढवळ्या नवऱ्याशी दोन शब्द बोलायचे तर कुणी बघत नाही ना हे आधी बघावं लागे. मला तर सरकारी काम असल्यासारखं टक लावून बघायला मिळत होतं. एकदा आमच्या फडाच्या बांधावरून दोन ऊसतोडणी करणाऱ्या बाया चालल्या होत्या. उसात उघडा माणूस एक गुडघा टेकून आभाळाकडे बघतोय आणि पुढ्यात बाई आरसा धरून उभी, हे बघून त्या डोक्यावरच्या मोळ्यांसकट पळाल्या. गावात दोन दिवस बोलणं होतं की फडात काहीतरी बाहेरचं फिरतंय.

लंगोट चालणार नाही, चड्डी हवी, असा निरोप आला. तसली चड्डी आमच्याकडे कुणी बघितलेली नव्हती. सासऱ्यांच्या मोडक्या छत्रीचं काळं कापड काढून मी ती हातानं शिवली. कापड चांगलं होतं, पण शिवणीचा मला भरवसा नव्हता. सासूबाईंची आपली वेगळीच तयारी चालली होती. शिंगणापूरला जाणाऱ्या एकाकडून त्यांनी काळा दोरा मागवला होता. आणि रोज भाकरी झाल्यावर त्या तव्याची काजळी खरवडून एका पितळेच्या वाटीत साठवत होत्या. मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, "तीट तळपायाला लावायची. दिसनारबी न्हाई." तळपायाला एवढी काजळी कशाला, हे मी विचारायला हवं होतं. पण त्या येतायत ह्याच आनंदात मी होते.

मेळाव्याच्या दिवशी सासऱ्यांनी गाडी जुंपली. बैलांच्या शिंगांना गोंडे लावले होते. कारखान्याच्या मैदानात ही गर्दी! मळीचा वास, भोंगा, भजीवाले, आणि मांडवात एका बाजूला बायकांसाठी सतरंज्या. परदेशी पाहुणे रस्सीखेच खेळून नुकतेच हरले होते आणि हरल्याच्या आनंदात उसाचा रस पीत होते. परीक्षक पुढच्या खुर्चीत चष्मा पुसत बसले होते. सासूबाई मांडवात न बसता सरळ स्टेजच्या मागे निघाल्या. मी मागोमाग. मागच्या बाजूला पोती ठेवायच्या एका मोठ्या खोलीत स्पर्धक तयार होत होते. दारावरच्या माणसानं "बायांना आत यायला न्हाई" म्हणून अडवलं, त्याला त्यांनी "तुला बाईनं न्हाई का जनम दिला?" असं विचारलं आणि तो बाजूला झाला.

आत हे उभे होते. अंगाला शेंगदाण्याचं तेल, कमरेला माझी छत्रीची चड्डी, मनगटावर शिंगणापूरचा दोरा. खिडकीतून ऊन येत होतं आणि ते सरळ ह्यांच्या अंगावर पडत होतं. सासूबाईंनी पायांकडे बघायचं म्हणून मान खाली घातलेली होती, पण तळपाय मागायला मान वर केली, आणि एवढ्या वर्षांनी मुलगा त्यांच्या नजरेस पडला. त्यांचा रंगच उडाला. "आगं बया," एवढंच म्हणाल्या आणि डोळे गच्च मिटून घेतले. मग मिटल्या डोळ्यांनीच वाटीत बोटं बुडवली. एरंडेलात कालवलेली ती काजळी त्यांनी कपाळाला लावली, दोन्ही दंडांना लावली, छातीला, पाठीला, पोटाला लावली. "आई, आगं तळपायाला म्हनाली हुतीस," असं हे म्हणतायत तोवर वाटी निम्मी झाली होती.

वस्ताद तेलाची बाटली घेऊन धावत आले. त्यांना वाटलं, पुसून टाकू. पण तेलाच्या अंगावर तेलातली काजळी, ती पुसते कशाला! जिथे पुसलं तिथून ती पसरली. दंडावरची पाठीवर गेली, पाठीवरची मांड्यांवर आली. आंघोळीला वेळ नव्हता, बाहेर नावं पुकारायला लागले होते. शेवटी वस्ताद कपाळाला हात लावून म्हणाले, "आता सारखी तरी करू," आणि त्यांनी ती सगळीकडे सारखी चोळून टाकली. गहूवर्णी नवरा माझ्या डोळ्यांदेखत नव्या तव्यासारखा काळा झाला. मला हसू आवरेना आणि रडूही येत होतं. एवढ्या दिवसांचा सराव, तो आरसा, ती डावी बाजू, सगळं त्या वाटीत बुडालं असंच मला वाटलं.

त्याच खोलीत इराणचा एक विद्यार्थी कोपऱ्यात एकटाच पाठीला तेल लावायची धडपड करत होता. चांगला उंचापुरा, कोवळ्या मिशांचा. सासूबाईंनी डोळे उघडले तेव्हा तो त्यांना दिसला. "ह्याच्यासंगं कोन हाय?" त्यांनी विचारलं. कुणीतरी सांगितलं, कुणी नाही, आईबाप दूर देशात आहेत. "मग ह्याची दिष्ट कोन काढनार?" असं म्हणून त्या त्याच्यापुढे जाऊन उभ्या राहिल्या आणि हातानं खाली वाक अशी खूण केली. तो पोरगा काय समजायचं ते समजला. एवढा मोठा देह वाकवून त्यानं मान पुढे केली, आणि सासूबाईंनी त्याच्या कानामागे एकच ठिपका लावला, नेटका. परक्याच्या मुलाला लावताना त्यांनी डोळे उघडेच ठेवले होते.

आम्ही मांडवात येऊन बसलो. सासूबाईंनी पदर नाकापर्यंत ओढला आणि वरून तळहात डोळ्यांवर धरला. दुसऱ्या हातानं माझं मनगट पकडलं. एकेक स्पर्धक येत होता, टाळ्या पडत होत्या. इराणचा पोरगा आला आणि मांडव हलला, एवढा तो देखणा होता. मग ह्यांचं नाव पुकारलं.

आधी सगळे हसले. मागून कुणीतरी ओरडलं, "शिंगणापूरचा देव आला रं!" दोन म्हाताऱ्यांनी खरोखर हात जोडले. माझी मान खाली गेली. पण ह्यांनी हसणाऱ्यांकडे लक्षच दिलं नाही. फडात घ्यायचे तसा एक श्वास घेतला आणि दंड वर केले. हसणं विरत गेलं. काळ्या अंगावर उन्हाची तिरीप पडली होती आणि एकेक पीळ कोरून काढल्यासारखा उठून दिसत होता. पाठ फिरवली, तेव्हा तर पाठीच्या पाकळ्या मांडवाच्या शेवटच्या टोकाला दिसल्या असतील. डावी बाजूसुद्धा! परीक्षक खुर्चीत पुढे सरकले. आमच्या आजूबाजूच्या बायका सुरू झाल्या, "आगं बाई, कुनाचा गं ह्यो?" "काय देह हाय!" "ह्याच्या आईनं काय खाल्लं आसंल!" एकीचं बोलणं संपेपर्यंत दुसरी. गडीमाणसं तर शिट्ट्या मारत होती.

माझ्या मनगटावरची सासूबाईंची पकड आवळत चालली होती. मी त्यांच्या कानाशी वाकून म्हणाले, "आत्याबाई, तुमी न्हाई बघितलं तर समद्यांनी बघून उपेग काय? ते तुमच्यासाठी उभं हायेत." त्यांचा तळहात डोळ्यांवरून खाली आला. मग पदर मागे गेला. आणि त्यांनी आपल्या मुलाकडे बघितलं. पायांकडे नाही, वर, पूर्ण. मी ह्यांच्याकडे बघायचं सोडून त्यांच्याच चेहऱ्याकडे बघत होते. किती वेळ ते सांगता यायचं नाही.

तेवढ्यात शेजारची एक म्हणाली, "आसा गडी सात गावांत न्हाई." सासूबाई ताडकन उठल्या. भर मांडवात, बोडक्या डोक्यानं, दोन्ही हात वर करून ओरडल्या, "वंगाळ! लई वंगाळ दिसतंय माझं पोरगं! नका बघू त्याच्याकडं! वंगाळ हाय!"

शिट्ट्या थांबल्या. खुर्चीवरच्या मोठ्या लोकांनी वळून बघितलं. बाईला वेड लागलं असंच गड्यांना वाटलं असणार. पण ह्यांनी आवाज ओळखला. पाठ करून उभे होते ते वळले, आईकडे बघितलं, आई त्यांच्याकडेच बघत होती. आणि त्या काळ्या कुळकुळीत चेहऱ्यावर पांढरे दात असे काही फाकले की परीक्षकांनाही हसू आलं. परीक्षकापुढे हसायचं नसतं, श्वास धरून ठेवायचा असतो, असं क्लार्कनं बजावलं होतं. ह्यांनी श्वास सोडला, पोट सुटलं, पण दंड काही खाली आणले नाहीत.

बायकांना काही समजावून सांगावं लागलं नाही. त्यांतल्या प्रत्येकीच्या घरी कुठलं ना कुठलं मूल उकिरड्यावर लोळवलेलं होतं. आमच्यामागची एक म्हातारी आधी ओरडली, "व्हय गं बाई, लई वंगाळ हाय!" मग दुसरी, मग सगळी बायकांची बाजू टाळ्या वाजवत, "वंगाळ! वंगाळ!" परदेशी पाहुण्यांना वाटलं, खेळाडूला चेव आणायची ही इथली आरोळी दिसते. तीही पोरं खुर्च्यांवर चढून "वंगाळ! वंगाळ!" करायला लागली. शेवटी सगळे स्पर्धक एका रांगेत उभे केले तेव्हा इराणच्या पोरानं बायकांकडे बघून कानामागच्या ठिपक्याला बोट लावलं, आणि सासूबाई त्याच्यासाठीही तेवढ्याच जोरात ओरडल्या. माझा घसा दोन दिवस बसला होता.

पहिला नंबर इराणच्या त्या पोराचाच आला. ह्यांचा दुसरा. पोट सुटलं नसतं तर कदाचित पहिला आला असता, असं वस्ताद मरेपर्यंत म्हणत राहिले. बक्षीस म्हणून स्टीलची कळशी मिळाली. आमच्या गल्लीत पहिली स्टीलची कळशी तीच. परीक्षकांनी ह्यांना बाजूला घेऊन विचारलं, "रंग फार छान लावलात, परदेशात लावतात तसा. कुठला आहे?" हे म्हणाले, "तव्याचा." चड्डीची शिवणही टिकली, हे माझ्यापुरतं मी नोंदवून ठेवते.

दिवस मावळायच्या सुमाराला आम्ही घरी आलो. कळशी माझ्या मांडीवर होती आणि हे काजळी लागेल म्हणून पोत्यावर अंग चोरून बसले होते. उतरल्या उतरल्या सासूबाईंनी ह्यांना उंबऱ्याबाहेर उभं केलं. मीठ, मोहरी, मूठभर मिरच्या ह्यांच्यावरून उतरवून त्यांनी चुलीत टाकल्या आणि आम्ही सगळे वाट बघत उभे राहिलो. दृष्ट लागली असली तर मिरच्यांचा ठसका लागत नाही, हे तर सगळ्यांना माहीत. क्षणभर काहीच झालं नाही. मग सासरे खोकायला लागले. मग मी. मग हे, डोळे चोळत. घरभर तो तिखट धूर पसरला, गोठ्यातले बैल फुरफुरायला लागले, आणि खोकता खोकता सासूबाईंचा चेहरा उजळत गेला. "लागली न्हाई," त्या म्हणाल्या. "आरं, लागलीच न्हाई! येवढ्या लोकांनी बघितलं, कुनाचीच लागली न्हाई!"

"तुझीबी न्हाई," हे म्हणाले.

ही गोष्ट सासूबाईंच्या डोक्यात आलीच नव्हती. चुलीपुढून उठून त्या अंगणात आल्या, तुळशीच्या ओट्याला टेकून बसल्या. अजून उजेड होता.

"दाव बरं," त्या म्हणाल्या.

"काय दावू?"

"तिथं दावलं त्ये. तिथं माझ्या डोळ्यांत पानी हुतं. नीट दिसलं न्हाई."

ह्यांनी सदरा काढला. घामानं काजळी ओघळून अंगावर पट्टे पट्टे पडले होते, ना काळे ना गोरे. तसेच ते अंगणात उभे राहिले आणि पहिल्यापासून सुरुवात केली. दंड. छाती. एक गुडघा टेकून आभाळाकडे. सासूबाई हनुवटीला हात लावून बघत होत्या आणि प्रत्येक वेळी म्हणत होत्या, "वंगाळ." पुन्हा, "वंगाळ." सासरे गाडीच्या जुवाला टेकून हसत होते. शेवटी हे दोन्ही हात वर करून उभे राहिले, फडात आम्ही सगळ्यांत शेवटी करायचो ती ढब, आणि आईकडे बघत तसेच थांबले.

"लई," सासूबाई म्हणाल्या.

पुढचा शब्द आला नाही. त्यांनी ओठ उघडले, मिटले, पदर तोंडाला लावला. हे हात वर धरून वाट बघत राहिले, एखादं मूल बघतं तसे. मीही वाट बघत होते.

"लई," त्या पुन्हा म्हणाल्या, आणि तेवढ्यावरच थांबल्या.